कव्हर नको, टेप बघा: ओटिस रेडिंग ऐकायला आणि जमवायला सुरुवात करताना

अमेरिकन सोल गायक ओटिस रेडिंगची मी विकत घेतलेली पहिली सीडी फसवी निघाली. कव्हरवर 'ग्रेटेस्ट हिट्स', आत वीस गाणी, किंमत एका थाळीपेक्षा कमी. घरी आणून लावली तर गाण्याच्या मागे तेलात मोहरी तडतडावी तसा आवाज. कुणीतरी झिजलेली एलपी लावून ती कॉम्प्युटरवर उतरवून घेतली होती आणि तीच सीडीवर चढवून विकायला ठेवली होती. परत द्यायला गेलो तर दुकानदार म्हणाला, "साहेब, गाणी तर तीच आहेत ना?"

गाणी तीच होती, आणि खरी गोम तिथंच आहे. ओटिसची तीच दहा-बारा गाणी शंभर वेगवेगळ्या कव्हरांखाली विकली जातात. त्यानं जिवंतपणी केलेलं काम मात्र एका हाताच्या आणि वर एका बोटात मोजून संपतं: सहा स्टुडिओ अल्बम. शिवाय एक मैफलीची रेकॉर्ड आणि एक संकलन. १९६२ च्या ऑक्टोबरात तो पहिल्यांदा मेम्फिसच्या स्टॅक्स स्टुडिओत गेला आणि १० डिसेंबर १९६७ ला विस्कॉन्सिनमधल्या मनोना तलावात विमान कोसळून गेला. वय २६. मधली पाच वर्षं, बस.

म्हणून सोल संगीत जमवायला ज्याला सुरुवात करायची आहे त्याला मी ओटिसच सुचवतो. जेम्स ब्राऊनपासून सुरुवात केलीत तर वर्षानुवर्षं पसारा आवरणार नाही. ओटिस वर्षभरात नीट ऐकून होतो आणि सगळं कायद्यात राहून, खिसा न फाटता जमवता येतं. अट एकच: कव्हर बघून घ्यायचं नाही. हे कधीचं रेकॉर्डिंग, कुठल्या टेपवरून, कुणाच्या मालकीचं, एवढं विचारायची सवय लावून घ्यायची.

पहिली पायरी: महिनाभर काहीही विकत घेऊ नका

आधी ऐका. स्पॉटिफाय, ॲपल म्युझिक, यूट्यूब म्युझिक, तुमच्याकडे जे असेल त्यावर. 'द डॉक ऑफ द बे' बहुतेकांनी कुठं ना कुठं ऐकलेलं असतं, त्या शेवटच्या शिट्टीसकट. ते तूर्त बाजूला ठेवा. ते त्याचं शेवटचं पान आहे आणि पुस्तक शेवटच्या पानापासून वाचू नये.

सुरुवात 'दीज आर्म्स ऑफ माइन'पासून करा. हे १९६२ चं. त्या दिवशी ओटिस गायला आलेलाच नव्हता. जॉनी जेन्किन्स नावाच्या गिटारवादकाचं रेकॉर्डिंग होतं आणि ओटिस त्याची गाडी चालवत जॉर्जियातल्या मेकनहून मेम्फिसला आला होता. जेन्किन्सचं काही जमेना, वेळ उरला, तेव्हा या ड्रायव्हरला एक-दोन गाणी म्हणू दिली. त्यातलं हे एक. पियानोचे साधे तिहेरी ठोके आणि वर एक आवाज, जो प्रत्येक ओळीच्या शेवटी किंचित फाटतो. माझ्या आईनं हे गाणं स्वयंपाकघरातून ऐकलं आणि विचारलं, "अरे, हा माणूस गातोय की रडतोय?" सोल म्हणजे काय याची इतकी नेमकी व्याख्या मला कुठल्या लेखात सापडलेली नाही. चर्चमधल्या गॉस्पेल गायकीची आर्तता घ्यायची आणि ती देवाऐवजी माणसाला उद्देशून गायची, एवढाच तो मामला.

मग 'ट्राय अ लिटल टेंडरनेस', १९६६ चं. याच्यासाठी हेडफोन लावा, दिवे बंद केले तरी चालेल. मूळ गाणं १९३२ चं, नाचाच्या बँडचं, गुळगुळीत. बिंग क्रॉस्बीनं गायलेलं, सिनात्रानंही. ओटिसच्या रेकॉर्डवर आधी फक्त वाद्यं येतात, ट्रम्पेट आणि सॅक्सोफोन एकमेकांत गुंतत. मग आवाज, अगदी खालचा, जवळजवळ स्वतःशीच. मागे ऑर्गन नुसता श्वास घेतल्यासारखा. थोड्या वेळानं एक टक-टक ऐकू येते, भिंतीवरच्या घड्याळासारखी. तो अल जॅक्सन ज्युनिअर, ड्रमच्या कडेवर काठी मारतोय. एकदा ती टक-टक कानात बसली की दुसरं काही ऐकू नका, तिच्याच मागे जा. गिटार येतं, पियानो येतो, ब्रास, म्हणजे ती फुंकायची वाद्यं, चढत जातो आणि ओटिस हळूहळू शब्द सोडून देतो. शेवटी नुसतं 'गॉट्टा, गॉट्टा, ना-ना-ना'. विलंबितातून द्रुतात जाणं आपल्या कानाला नवीन नाही. इथं ते चार मिनिटांच्या आत घडतं आणि ठोक्याची मूळ गती सोडल्याचं कळतसुद्धा नाही.

तिसरं 'आय हॅव बीन लव्हिंग यू टू लाँग', १९६५. जेरी बटलरबरोबर लिहिलेलं. याच्याकडे आपण पुन्हा येणार आहोत, कारण जमवणाऱ्याची पहिली परीक्षा याच गाण्यात आहे.

ऐकताना एक काम करा. ॲपमध्ये अल्बमच्या अगदी तळाशी जा. तिथं वर्तुळातला इंग्रजी 'पी' आणि वर्तुळातला 'सी' अशा बारीक अक्षरातल्या ओळी असतात. 'पी' म्हणजे ध्वनिमुद्रणाचा हक्क. ओटिसच्या अस्सल अल्बमांखाली तिथं ॲटलांटिक, ॲटको, रायनो, वॉर्नर यांपैकी नावं दिसतील. भलतंच कुठलं नाव आणि वर्ष परवाचं दिसलं, तर तो अल्बम ऐकण्याच्या यादीतून काढा. ही तपासणी फुकट आहे, आणि पुढे दुकानात एलपी उलटी करून बघताना हीच नजर उपयोगी पडते.

मालक कोण, ही भानगड समजून घ्या

ही पायरी लोक गाळतात आणि मग गोंधळतात. ओटिसच्या जुन्या रेकॉर्डवर तीन वेगवेगळी लेबलं दिसतात: ॲटको, व्होल्ट, आणि एका अल्बमवर स्टॅक्स. लोकांना वाटतं यातलं एक खरं आणि बाकी नकली. तिन्ही खरी आहेत.

स्टॅक्स ही मेम्फिसची छोटी कंपनी. जिम स्टुअर्ट आणि त्याची बहीण एस्टेल ॲक्स्टन यांच्या आडनावांची पहिली अक्षरं जोडून नाव केलं. मॅकलमोर ॲव्हेन्यूवरचं एक बंद पडलेलं थिएटर भाड्यानं घेऊन त्याचा स्टुडिओ केला. खुर्च्या काढल्या, पण जमीन उतरतीच राहिली. पॉपकॉर्नच्या जागी एस्टेलबाईंनी रेकॉर्डचं दुकान थाटलं. व्होल्ट हे स्टॅक्सचंच धाकटं लेबल. देशभर माल पोचवायचं काम न्यूयॉर्कच्या ॲटलांटिकचं आणि ॲटको हे ॲटलांटिकचं भावंड. म्हणून ओटिसचा पहिला अल्बम 'पेन इन माय हार्ट' ॲटकोवर निघाला, पुढचे व्होल्टवर.

आता खरी ग्यानबाची मेख. १९६५ साली ॲटलांटिकशी लेखी करार झाला आणि स्टुअर्टनं तो नीट न वाचता सही केली. १९६८ मध्ये दोन्ही कंपन्या वेगळ्या व्हायला निघाल्या तेव्हा कळलं, की आजवर ॲटलांटिकमार्फत विकलेल्या सगळ्या मूळ टेपा ॲटलांटिकच्या मालकीच्या झाल्या आहेत. ओटिससकट सगळं एका कलमात गेलं. ॲटलांटिक त्याआधीच वॉर्नरच्या छत्राखाली गेली होती. म्हणून आज ओटिसच्या टेपा वॉर्नरकडे आहेत आणि त्यांची जुन्या मालाची शाखा रायनो त्या काढते. स्टॅक्सनं १९६८ नंतर उभं केलेलं दुसरं घर, आयझॅक हेजचे गाजलेले अल्बम, स्टेपल सिंगर्स वगैरे, ते फिरत फिरत काँकर्ड या कंपनीकडे गेलं. एकाच शिक्क्याचं संगीत दोन मालकांकडे असण्याचं कारण हे. दुकानात एखादा नवा स्टॅक्स-संच उचललात आणि त्यात १९६८ च्या आधीचं काहीच नसलं, तर छापायला विसरले असं समजू नका.

दुसरी पायरी: कुठल्या क्रमानं घ्यायचं

सगळे सांगतात 'ओटिस ब्लू' आधी घ्या, आणि या बाबतीत सगळ्यांचं बरोबर आहे. ९ आणि १० जुलै १९६५, जेमतेम एका दिवस-रात्रीत जवळजवळ पूर्ण अल्बम झाला. मध्ये सुट्टी घेतली ती वादकांना रात्री शहरात ठरलेले कार्यक्रम वाजवायचे होते म्हणून. ते वाजवून पहाटे परत आले आणि पुन्हा बसले. अकरा गाणी. त्यात तीन सॅम कुकची, कारण ओटिसचा हा आदर्श आदल्या डिसेंबरात गोळी लागून गेला होता. एक रोलिंग स्टोन्सचं 'सॅटिस्फॅक्शन', ज्यात गिटारची ती प्रसिद्ध धून ब्रासवाले वाजवतात आणि ओटिस शब्दांची फारशी पर्वा करत नाही. आणि 'रिस्पेक्ट'. हो, तेच. लिहिलं ओटिसनं, १९६५ मध्ये. दोन वर्षांनी अरीथा फ्रँकलिननं ते बाईच्या तोंडी घालून असं काही गायलं, की कॅलिफोर्नियातल्या माँटेरे महोत्सवाच्या रंगमंचावर ओटिसला हसत हसत सांगावं लागलं, एका मुलीनं हे गाणं माझ्याकडून पळवलं.

दुसरा 'डिक्शनरी ऑफ सोल', १९६६. 'टेंडरनेस' यातलंच. 'फा-फा-फा-फा-फा' नावाचं गाणं ऐकलंत की कळेल ओटिस वादकांशी कसं बोलायचा. त्याला स्वरलिपी लिहिता येत नव्हती, त्यामुळे ब्रासच्या ओळी तो तोंडानं गाऊन दाखवायचा. ते 'फा-फा-फा' म्हणजे त्याच सूचना, गाण्यात घातलेल्या. लिखाणापेक्षा तोंडी तालीम मोठी मानणाऱ्या आपल्या मंडळींना हे पटकन भिडतं.

तिसरा 'द इम्मॉर्टल ओटिस रेडिंग', जून १९६८. इथं माझं मत बहुतेकांपेक्षा वेगळं आहे. लोक 'द डॉक ऑफ द बे' हा अल्बम घ्यायला सांगतात. तो अल्बम त्याच्या मृत्यूनंतर दोन-अडीच महिन्यांत घाईनं जुळवला गेला. त्यात जुनी सिंगल्स (एका गाण्यासाठी काढलेल्या छोट्या रेकॉर्ड), त्यांच्या मागच्या बाजूची गाणी, इकडचं-तिकडचं आहे. 'इम्मॉर्टल' मात्र मुख्यतः त्या शेवटच्या दिवसांचा आहे. १९६७ च्या हिवाळ्याआधी त्याच्या घशाची शस्त्रक्रिया झाली होती, काही आठवडे बोलायलाही बंदी. आवाज परत आला तो बदलून, मोकळा होऊन. मग नोव्हेंबर-डिसेंबरात तो गाण्यांमागून गाणी रेकॉर्ड करत सुटला. 'आय हॅव गॉट ड्रीम्स टू रिमेंबर' त्यातलं, 'हार्ड टू हँडल' त्यातलं. 'डॉक ऑफ द बे'सुद्धा त्याच बैठकांतलं; सॅन फ्रान्सिस्कोजवळ सॉसालिटोला एका हाऊसबोटीवर ते सुरू केलं आणि गिटारवादक स्टीव्ह क्रॉपरबरोबर पुरं केलं. लाटा आणि समुद्रपक्षी क्रॉपरनं नंतर मिसळले, ओटिस गेल्यावर. अमेरिकेतल्या बिलबोर्ड मासिकाच्या मुख्य यादीत कलाकाराच्या मृत्यूनंतर पहिल्या क्रमांकावर गेलेलं हे पहिलं गाणं.

या तिघांनंतर 'सोल बॅलड्स', 'द सोल अल्बम', कार्ला थॉमसबरोबरचा 'किंग अँड क्वीन' आणि 'पेन इन माय हार्ट', याच क्रमानं. 'लव्ह मॅन' आणि 'टेल द ट्रुथ' हे १९६९-७० चे उरलेसुरले, ते सर्वात शेवटी.

मैफलींचं वेगळं. १९६७ च्या मार्चमध्ये पॅरिसच्या ऑलिंपिया थिएटरात रेकॉर्ड झालेला 'लाइव्ह इन युरोप' त्याच्या हयातीतच निघाला. मागे स्टुडिओतलीच मंडळी आहेत, बुकर टी. आणि त्याचे साथीदार. त्याउलट लॉस एंजेलिसच्या व्हिस्की अ गो गो क्लबातल्या एप्रिल १९६६ च्या रात्री. तिथं त्याचा स्वतःचा दौऱ्याचा बँड आहे, कधी सुरात, कधी थोडा घसरलेला, पण घाम आणणारा. ती पूर्ण रेकॉर्डिंग्ज २०१६ मध्ये सहा सीडींच्या संचात निघाली. आणि १७ जून १९६७ ची माँटेरेची रात्र, नुसती पाच गाणी. ती १९७० मध्ये एलपीवर आली तेव्हा एका बाजूला ओटिस आणि दुसऱ्या बाजूला गिटारवादक जिमी हेंड्रिक्स होता. ती एलपी जुन्या बाजारात बऱ्याचदा हेंड्रिक्सच्या खोक्यात पडलेली असते. तिथं बघायला विसरू नका.

तिसरी पायरी: मोनो का स्टिरिओ

आता त्या परीक्षेकडे. 'आय हॅव बीन लव्हिंग यू टू लाँग' एप्रिल १९६५ मध्ये सिंगल म्हणून मोनोत, म्हणजे सगळा आवाज एकाच वाटेनं, रेकॉर्ड झालं. जुलैत 'ओटिस ब्लू'च्या वेळी स्टिरिओची, म्हणजे डावीकडून-उजवीकडून वेगळा आवाज देण्याची, सोय होती, म्हणून अल्बमसाठी तेच गाणं पुन्हा गायलं. अल्बमची मोनो आवृत्ती घेतली तर त्यात एप्रिलचा ओटिस, स्टिरिओ घेतली तर जुलैचा. एकाच नावाची, एकाच कव्हरची रेकॉर्ड, आणि गाणं दोन वेगळ्या दिवशी गायलेलं. दोन्ही लागोपाठ लावा. शेवटाकडे तो जिथं विनवणी सुरू करतो तिथं फरक सरळ कळतो. मला जुलैचा जास्त आवडतो. माझा एक मित्र यावरून माझ्याशी अजून भांडतो.

रायनोनं २००८ मध्ये 'ओटिस ब्लू'ची दोन सीडींची आवृत्ती काढली. तीत मोनो आणि स्टिरिओ दोन्ही आहेत. नवशिक्यानं एकच वस्तू घ्यायची असेल तर ती ही.

बाकी अल्बमांचा ढोबळ नियम: १९६५ पर्यंतचं मोनोत घ्या. स्टॅक्समध्ये तोवर सगळं एकाच ट्रॅकवर, सगळे एकाच वेळी वाजवत रेकॉर्ड होत असे. कुणी चुकलं तर सगळ्यांनी पुन्हा. अशा टेपेवरून नंतर कृत्रिम स्टिरिओ बनवून विकायची त्या काळात पद्धत होती, त्यात आवाज डबक्यातून आल्यासारखा येतो. कव्हरवर 'इलेक्ट्रॉनिकली रीचॅनल्ड' अशा अर्थाचं काही दिसलं तर रेकॉर्ड हळूच परत ठेवा.

चौथी पायरी: कशावर जमवायचं

प्रामाणिकपणे सांगायचं तर सीडी. आज सीडीला कुणी विचारत नाही, म्हणून ती स्वस्त आहे, आणि आतली टेप तीच. वॉर्नरच्या 'ओरिजिनल अल्बम सीरिज'मध्ये ओटिसचे पाच अल्बम पुठ्ठ्याच्या साध्या पाकिटात मिळतात. सगळंच एकदम हवं असेल तर 'सोल मॅनिफेस्टो' हा २०१५ चा बारा सीडींचा संच आहे: बारा अल्बम, बारा पाकिटं, काम संपलं. भोवतालचा सगळा परिसर ऐकायचा असेल तर १९५९ ते १९६८ ची स्टॅक्स-व्होल्टची सिंगल्स नऊ सीडींत एकत्र आहेत, १९९१ चा संच. तो मात्र पहिल्या वर्षी नको, त्याच्याखाली माणूस दबून जातो.

विकत घेतलेली सीडी स्वतःच्या कॉम्प्युटरवर किंवा फोनवर स्वतः ऐकण्यासाठी उतरवून घेणं, याला आपल्या कॉपीराइट कायद्यातल्या खासगी वापराच्या सवलतीचा आधार आहे. तीच फाइल नातेवाईकांच्या व्हॉट्सॲप ग्रुपवर टाकलीत की ती सवलत संपली.

एलपीचा मोह होणारच. मग निदान डोळे उघडे ठेवून करा. मुंबईत चोर बाजार, पुण्यात जुना बाजार. काळा घोड्याचं ऱ्हिदम हाऊस २०१६ मध्ये बंद झालं, नाहीतर पहिलं नाव तेच घेतलं असतं. या बाजारांत ओटिस क्वचित सापडतो, हे आधीच सांगतो. खोक्यात हिंदी सिनेमा, मग भक्तिगीतं, मग आब्बा आणि बोनी एम, आणि तळाशी एखादा 'इतर'.

सापडलाच तर असं करा. रेकॉर्ड पाकिटातून काढताना कडेला आणि मधल्या लेबलला धरा, तबकडीवर बोटं नकोत. फोनची टॉर्च लावून तिरपी धरा. केसासारख्या बारीक रेघा चालतात. नखाला लागणारी रेघ म्हणजे सुई तिथं उडी मारणार. मधल्या भोकाभोवती पांढुरके ओरखडे खूप असतील तर ती शेकडो वेळा लावली गेली आहे. मग लेबलाच्या जवळ, जिथं गाणी संपून नुसता गुळगुळीत पट्टा राहतो, तिथं बघा. तिथं हातानं कोरलेले किंवा ठोकलेले आकडे-अक्षरं असतात. हा तबकडीचा जन्मदाखला. तो आकडा डिस्कॉग्ज या रेकॉर्डच्या वेबसाइटवर टाकलात की ही छपाई कुठली, कधीची, ते बहुतेक वेळा कळतं. कॅटलॉग क्रमांकही पाठ असू द्या: 'ओटिस ब्लू' व्होल्ट ४१२, 'डिक्शनरी' ४१५.

पावसाळ्यात घेणार असाल तर वास घ्या. थट्टा नाही. दमट वास म्हणजे कव्हरला बुरशी, आणि ती तुमच्या घरातल्या बाकी कव्हरांवर पसरणार. रेकॉर्ड घरी नेहमी उभ्या ठेवा, एकावर एक रचू नका. आतलं कागदी पाकीट बदलून टाका. आणि सुटकेसच्या आकाराचे ते स्वस्त, दिसायला गोड प्लेअर कृपा करून घेऊ नका. बऱ्याच मॉडेलांची सुई जड पडते. त्यावर साठ वर्षांपूर्वीची तबकडी लावणं म्हणजे पैठणीला धोपटण्यानं बडवणं.

परदेशातून मागवताना दर्जाची अक्षरं समजून घ्या. 'एनएम' म्हणजे जवळपास नवी, 'व्हीजी प्लस' म्हणजे चांगली वापरलेली, 'व्हीजी' म्हणजे खरखर ऐकू येणार. नुसतं 'जी', म्हणजे 'गुड', हे नावापुरतंच गुड. टपालखर्च रेकॉर्डच्या किमतीइतका होऊ शकतो. कुरिअर कंपनी ओळखपत्राची कागदपत्रं मागते आणि सीमाशुल्क वेगळं लागतं, ते हिशेबात धरूनच बोली लावा. न्यू जर्सीत किंवा टेक्सासमध्ये भाचा-पुतण्या असेल आणि दिवाळीला येणार असेल, तर प्रश्न सुटला. फक्त त्याला बजावून सांगा, हातातल्या बॅगेत आण, मोठ्या बॅगेत चकलीच्या सोऱ्याशेजारी नको.

पाचवी पायरी: कायदा, नेमका

एका गाण्यात दोन हक्क असतात. एक गाण्याचा, म्हणजे शब्द आणि चाल. दुसरा त्या विशिष्ट ध्वनिमुद्रणाचा. 'रिस्पेक्ट'चं उदाहरण घ्या: अरीथाचं रेकॉर्डिंग अमेरिकेत एफएमवर वाजतं तेव्हा पैसे ओटिसच्या वारसांकडे जातात, कारण गाणं त्याचं, तिकडचं रेडिओ स्टेशन गायकाला काही देत नाही.

भारतात ध्वनिमुद्रणाचा हक्क प्रकाशनाच्या पुढच्या वर्षापासून मोजून ६० वर्षं. म्हणजे १९६२ मध्ये निघालेल्या 'दीज आर्म्स ऑफ माइन'च्या मूळ ध्वनिमुद्रणाची इथली मुदत २०२२ अखेर संपली. पण गाण्याचा हक्क कर्त्याच्या मृत्यूनंतर ६० वर्षं. ते गाणं एकट्या ओटिसनं लिहिलेलं आणि तो १९६७ मध्ये गेला, तेव्हा तो हक्क २०२७ अखेरपर्यंत आहे. दोघांनी मिळून लिहिलेल्या गाण्यात शेवटी जाणाऱ्या लेखकापासून मोजतात. मैफलीची जी रेकॉर्डिंग्ज पहिल्यांदा २०१६ मध्ये प्रकाशित झाली त्यांची मुदत २०१७ पासून सुरू, गायली गेली १९६६ मध्ये म्हणून काही सूट नाही.

अमेरिकेत १९५७ ते फेब्रुवारी १९७२ मधली ध्वनिमुद्रणं १५ फेब्रुवारी २०६७ पर्यंत संरक्षित आहेत. युरोपात १९६२ संपेपर्यंत निघालेलं मोकळं झालं, १९६३ नंतरचं ७० वर्षांच्या नियमात अडकलं. म्हणूनच युरोपातल्या छोट्या कंपन्यांची '१९६२ पर्यंत' अशी स्वस्त संकलनं बाजारात दिसतात. ओटिसचं त्यात बसू शकेल असं फारच थोडं आहे: पहिलं सिंगल, आणि स्टॅक्सआधीची 'शाउट बामालामा'सारखी लिटल रिचर्डच्या नकलेची गाणी. तेव्हा अनोळखी कंपनीच्या स्वस्त संकलनात १९६५-६६ ची गाणी दिसली आणि मागे ॲटलांटिक, रायनो, वॉर्नर किंवा त्यांच्या परवान्याचा उल्लेख नसला, तर शंका घ्या. माझी ती मोहरीवाली सीडी याच जातीची होती.

यूट्यूबवरून गाणं उतरवून देणाऱ्या साइट, टेलिग्रामवरची पूर्ण डिस्कोग्राफी, हे अर्थातच नाही. आणि रेकॉर्ड तुमच्या मालकीची असली तरी ती कॅफेत किंवा तिकीट लावलेल्या श्रवणसत्रात वाजवायची तर परवाने लागतात. ध्वनिमुद्रणासाठी बहुधा पीपीएल या संस्थेकडून, गाण्यासाठी आयपीआरएस या गीतकार-संगीतकारांच्या संस्थेकडून. घरी चार मित्र, चहा आणि ओटिस, याला कुणाचा परवाना लागत नाही.

वही ठेवा

डिस्कॉग्जवर संग्रहाची यादी करता येते, विम्यासाठी आणि दुहेरी खरेदी टाळायला ती बरी. पण मी शिवाय एक दोनशे पानी वही ठेवतो. डाव्या पानावर रेकॉर्ड: नाव, क्रमांक, मोनो की स्टिरिओ, कोरलेला आकडा, कुठून घेतली, किती पडले. उजव्या पानावर, ऐकताना काय ऐकू आलं ते. 'टेंडरनेस'च्या पानावर तीन वर्षांत तीन नोंदी आहेत. पहिल्या वेळी फक्त 'शेवट जबरदस्त'. दुसऱ्या वेळी 'टक-टक!!'. तिसऱ्या वेळी, 'ऑर्गन आहे हे आज कळलं'.

'सोल बॅलड्स'चं पान अजून कोरं आहे. व्होल्ट ४११, मोनो, व्हीजी प्लस चालेल, कव्हर थोडं फाटकं असलं तरी हरकत नाही. कुणाच्या मामाच्या माळ्यावर पडली असेल तर आधी वास घेऊन बघा.